नटाच्या कानाने रचलेले संगीत

टीव्हीवर चित्रपट चालू असताना मध्येच आवाज बंद केला, की एक विचित्र गोष्ट लक्षात येते. पडद्यावर एक बाई खिडकीशी उभी आहे. ती बाहेर पाहते आहे, बोलत काही नाही. आवाज चालू होता तेव्हा ती कोणाची तरी वाट पाहते आहे आणि तो येणार नाही हे तिला कळून चुकले आहे, असे आपल्याला स्वच्छ दिसत होते. आवाज गेला आणि उरली नुसती खिडकीशी उभी असलेली बाई. चेहरा तोच, प्रकाश तोच, कॅमेऱ्याची जागाही तीच. मग ते ‘कळून चुकणे’ होते तरी कुठे? या कोड्याच्या पोटात दुसरे कोडे आहे. त्या खोलीत वाद्यवृंद नाही, व्हायोलिन वाजवणारी माणसे पडद्यामागे लपलेली नाहीत. तरी हा आवाज कुठून येतो, असा प्रश्न आपल्याला एकदाही पडत नाही. ते संगीत त्या बाईच्या मनातून येत आहे, असे आपण नकळत मान्य करून टाकतो.

याचा अर्थ पार्श्वसंगीत करणारा माणूस नटाच्या कामातला काही भाग उचलत असतो. नटाने चेहऱ्यावर दाखवले नाही, दाखवूही नये, ते तो स्वरांतून सांगतो. मग हे काम करणाऱ्याला अभिनय आतून ठाऊक असेल तर काय होईल? या प्रश्नाचे उत्तर शोधायला ब्रिटिश संगीतकार जॉर्ज फेन्टन यांच्या कारकिर्दीइतके सोयीचे उदाहरण क्वचित सापडेल. ‘गांधी’ या चित्रपटासाठी पंडित रविशंकर यांच्यासोबत ऑस्करचे नामांकन मिळवणारे, ‘द ब्लू प्लॅनेट’ आणि ‘प्लॅनेट अर्थ’ या बीबीसीच्या निसर्गमालिकांना संगीत देणारे फेन्टन लोकांसमोर पहिल्यांदा आले ते नट म्हणून. त्यांचे अभिनयाचे शिक्षण त्यांच्या संगीतात पुढेही काम करत राहिले, आणि ते काम कसे चालते हे समजले की पार्श्वसंगीत नावाची गोष्टच उलगडते, असे या लेखाचे म्हणणे आहे.

शाळकरी मुलांच्या घोळक्यात

फेन्टन यांचा जन्म 1949 सालचा. मूळ नाव जॉर्ज हाऊ. 1968 मध्ये, वयाची विशीही उलटलेली नसताना, त्यांना लंडनच्या अपोलो थिएटरमध्ये ॲलन बेनेट यांच्या ‘फॉर्टी इयर्स ऑन’ या नाटकात काम मिळाले. नाटक एका शाळेत घडते. निवृत्त होणाऱ्या मुख्याध्यापकांसमोर मुले आणि शिक्षक मिळून एक नाटक करून दाखवतात. मुख्याध्यापक होते सर जॉन गिलगुड, म्हणजे विसाव्या शतकातल्या इंग्रजी रंगभूमीवरच्या सर्वांत मोठ्या नटांपैकी एक. एका शिक्षकाच्या भूमिकेत खुद्द बेनेट होते. फेन्टन होते मुलांच्या घोळक्यात. पुढे 1971 मध्ये बार्नी प्लॅट्स-मिल्स यांच्या ‘प्रायव्हेट रोड’ या चित्रपटातही त्यांनी भूमिका केली.

अशा घोळक्यातल्या नटाच्या वाट्याला वाक्ये कमी येतात. बहुतेक वेळ त्याने ऐकायचे असते. मुख्य नट बोलत असताना त्याच्याकडे पाहायचे, लक्ष स्वतःकडे ओढायचे नाही, पण निर्जीवही दिसायचे नाही. तेच नाटक रोज रात्री नव्या प्रेक्षकांसमोर करताना एका विरामाची लांबी किती असावी, कुठल्या क्षणी प्रेक्षागृहातला श्वास थांबतो, हसू येऊन गेल्यावर पुढचे वाक्य केव्हा टाकायचे, हे गिलगुड यांच्यासारख्या नटाच्या शेजारी उभे राहून पाहायला मिळणे ही मोठीच शाळा होती. या कौशल्यांची यादी करून पाहावी: दुसऱ्याचे ऐकणे, आपली उपस्थिती मोजून वापरणे, विरामाची लांबी ओळखणे. पार्श्वसंगीतकाराला नेमकी हीच लागतात.

संगीतकार म्हणून पहिली महत्त्वाची संधी रंगभूमीनेच दिली. 1974 मध्ये दिग्दर्शक पीटर गिल यांनी रॉयल शेक्सपियर कंपनीसाठी ‘ट्वेल्फ्थ नाइट’ बसवले आणि त्याचे संगीत फेन्टन यांच्याकडे आले. या नाटकाचा पडदाच संगीत वाजत असताना उघडतो, पुढे विदूषकाची गाणी येतात, आणि प्रत्येक गाणे कोणाच्या तरी मनःस्थितीवर जाऊन बसते. तिथून वाट दूरचित्रवाणीकडे गेली. ‘शूस्ट्रिंग’, ‘बर्जरॅक’ अशा लोकप्रिय मालिका आल्या, दिग्दर्शक स्टीफन फ्रिअर्स यांचा ‘ब्लडी किड्स’ हा चित्रपट आला, बीबीसीच्या ‘न्यूजनाइट’ या वृत्तकार्यक्रमाची धून आली. बातम्यांची धून काही सेकंदांची असते. तेवढ्यात ‘आता गंभीर काही सांगितले जाणार आहे, आणि सांगणारा विश्वासू आहे’ असा सूर लागावा लागतो. रंगमंचावर पहिले पाऊल टाकताच पात्राचा स्वभाव कळावा, अशी नटाकडूनही अपेक्षा असते.

संहितेत लिहिलेले नसते ते

नट संहिता हातात घेतो तेव्हा वाक्य पाठ करण्याआधी एक प्रश्न विचारतो: हे पात्र असे बोलते आहे, पण त्याला हवे काय आहे? ‘चहा घेणार का?’ या वाक्याचा अर्थ चहापुरताच असतो असे नाही. थांब, जाऊ नकोस, असे सुचवण्यासाठी ते बोलले जाऊ शकते, आणि आता निघा, असे सुचवण्यासाठीही. शब्दांखाली वाहणाऱ्या या अर्थाला नाटकवाले अंतःप्रवाह म्हणतात. बोलणे आणि हवे असणे यांत अंतर पडते तिथे नाट्य जन्माला येते.

आता पार्श्वसंगीतकारासमोरचे दोन मार्ग पाहू. पहिला मार्ग दिसते तेच वाजवण्याचा. पात्र रडले की करुण सूर, धावले की वेगवान ठेका. यात चूक काही नाही, पण प्रेक्षकाला नवे काहीच मिळत नाही, कारण रडणे त्याला दिसलेलेच आहे. दुसरा मार्ग अंतःप्रवाहाचा. पात्र हसून बोलते आहे, पण खालून येणारा सूर स्थिर नाही. तो मूळ स्वरावर येऊन टेकत नाही, अधांतरी राहतो. कानाला परिचित असलेली चाल पूर्ण व्हावी अशी आपली अपेक्षा असते. ती पुरी होत नाही तेव्हा मनात बारीक अस्वस्थता उरते, आणि मेंदू त्या अस्वस्थतेचे कारण पडद्यावरच्या चेहऱ्यात शोधतो. खिडकीशी उभ्या असलेल्या बाईचे कोडे इथे सुटते. भावना स्वरांनी आपल्यात निर्माण केली आणि आपण ती तिच्या नावावर जमा केली.

पहिल्या मार्गासाठी संगीताचे ज्ञान पुरते. दुसऱ्यासाठी प्रसंग वाचता यावा लागतो, आणि प्रसंग वाचण्याची सवय नटाला पहिल्या तालमीपासून लावली जाते.

कुठे सुरू, कुठे बंद: सेकंदाच्या चोविसाव्या भागाचा हिशेब

चित्रपटाचे संकलन झाले की दिग्दर्शक आणि संगीतकार तो एकत्र बसून पाहतात आणि संगीत कुठे सुरू होईल, कुठे संपेल हे ठरवतात. या बैठकीला ‘स्पॉटिंग’ म्हणतात. एकही स्वर लिहिला जाण्याआधी चित्रपटाच्या संगीताचा अर्धा निकाल इथे लागलेला असतो. पंगतीतला जाणता वाढपी पानावर नजर ठेवून असतो. मागितल्याशिवाय येतो, बोलणे चालू असेल तर मध्ये न येता वाढून जातो, आणि नको तिथे डाव रिकामा करत नाही. पार्श्वसंगीताची जागा ठरवणाऱ्याकडून हीच समज अपेक्षित असते. पात्राने निर्णय घेतल्यावर संगीत सुरू झाले तर ते टाळ्या वाजवल्यासारखे होते. निर्णयाच्या क्षणभर आधी सुरू झाले तर प्रेक्षक पात्राच्या मनात शिरतो.

मग येते मोजमाप. चित्रपटात सेकंदाला 24 चौकटी सरकतात. संगीताची लय मिनिटाला 120 ठोक्यांची ठेवली तर दर अर्ध्या सेकंदाला, म्हणजे दर 12 चौकटींनी एक ठोका येतो. समजा, प्रसंग सुरू झाल्यापासून 23व्या सेकंदाला पात्र मान वर करते. 120च्या लयीत तोवर बरोबर 46 ठोके होतात आणि मान वर होणे ठोक्यावर पडते. लय 96 केली तर 36.8 ठोके होतात, म्हणजे क्षण ठोक्याच्या किंचित आधी निसटतो. संगीतकार मग लय साधारण 94 करतो आणि 36व्या ठोक्याला तो क्षण गाठतो. श्रोत्याला 96 आणि 94 यांतला फरक जाणवत नाही, पण मान वर होण्याला मिळालेले वजन मात्र जाणवते. ध्वनिमुद्रणात वादकांच्या कानाशी हे ठोके टिकटिकत असतात. त्याला ‘क्लिक ट्रॅक’ म्हणतात. अर्थात प्रत्येक क्षण ठोक्यावर पकडला तर परिणाम व्यंगपटासारखा होतो. कुठला क्षण पकडायचा आणि कुठला मुद्दाम सोडून द्यायचा, हे गणित सांगत नाही. ते प्रसंगाची समज सांगते.

तिसरा प्रश्न संवादांचा. माणसाचे बोलणे समजण्यासाठी लागणारा आवाजाचा महत्त्वाचा पट्टा ढोबळमानाने 300 ते 3400 हर्ट्झचा आहे. जुनी टेलिफोन यंत्रणा तेवढाच पट्टा वाहून न्यायची आणि तरी बोलणे कळायचे. या पट्ट्यात एखादे ओबो किंवा व्हायोलिन जोरात गाऊ लागले तर संवाद झाकोळतो. म्हणून बोलणे चालू असताना संगीतकार सूर खाली उतरवतो, लांबवलेले स्वर धरतो, चाल थांबवतो, आणि वाक्य संपल्यावर उरलेल्या फटीत चालीला पुढे येऊ देतो. संवाद फेकण्याचा सराव असलेल्या माणसाला या फटी कागदावरच दिसतात. नट श्वास कुठे घेईल, हे त्याला ठाऊक असते.

‘गांधी’: सहनटाचे ऐकणे

1982 साली आलेल्या रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’शी मराठी माणसाचे नाते जवळचे आहे. कस्तुरबांच्या भूमिकेत रोहिणी हट्टंगडी होत्या आणि त्यासाठी त्यांना बाफ्टा पुरस्कार मिळाला. वेशभूषेचे ऑस्कर कोल्हापूरच्या भानू अथैया यांना मिळाले. ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. 11 नामांकने आणि 8 पुरस्कार मिळवणाऱ्या या चित्रपटाचे एक नामांकन संगीतासाठी होते, पंडित रविशंकर आणि जॉर्ज फेन्टन यांच्या नावे. तो पुरस्कार ‘ई.टी.’साठी जॉन विल्यम्स यांना गेला.

या कामातली अडचण समजून घेण्यासारखी आहे. आपले रागसंगीत एका स्थिर षड्जाभोवती फिरते. एकच चाल हळूहळू उलगडत जाते आणि खाली तानपुऱ्याचा सूर अढळ राहतो. पाश्चात्य वाद्यवृंदाचे बळ दुसरीकडे आहे. तिथे एकाच वेळी अनेक स्वर वाजतात आणि त्यांच्या जुळण्या सतत बदलत राहतात. त्या बदलांतून ‘घरापासून दूर गेलो, परत आलो’ असा प्रवास कानाला घडतो. रागाच्या चालीखाली या बदलत्या जुळण्या घातल्या की रागाचा पाया हलतो, आणि एका मोठ्या ऐतिहासिक चित्रपटाला लागणारा जनसमुदायाचा विस्तार एकट्या सतारीकडून काढता येत नाही. त्यातही राग खुलायला वेळ मागतो, आणि चित्रपटातला प्रसंग कधी कधी एका मिनिटाच्या आत संपतो.

अशा ठिकाणी मोठ्या वाद्यवृंदाच्या मालकाला मोह होतो तो सतारीला चवीपुरते ठेवून आपले म्हणणे रेटण्याचा. ‘गांधी’मध्ये तसे झाले नाही. श्रेयनामावलीत रविशंकर संगीतकार आहेत आणि वाद्यवृंदाचे संगीत व पूरक संगीत फेन्टन यांचे आहे. चित्रपटातही वाद्यवृंद बऱ्याच वेळा मागे राहून सतारीला वाव देतो. पाच वर्षांनी, 1987 मध्ये, ॲटनबरो यांच्याच ‘क्राय फ्रीडम’मध्ये हेच पुन्हा घडले. दक्षिण आफ्रिकेतील स्टीव्ह बिको यांच्यावरच्या या चित्रपटासाठी फेन्टन यांनी निर्वासित जीवन जगणारे दक्षिण आफ्रिकी ट्रॉम्बोनवादक जोनास ग्वांग्वा यांच्यासोबत काम केले, आणि पार्श्वसंगीत व शीर्षकगीत अशी दोन नामांकने दोघांना मिळून मिळाली. दुसऱ्याच्या देशाची कथा सांगताना त्या देशाच्या संगीतकाराला पुढे उभे करून आपण त्याला साथ द्यायची, हा स्वभाव दोन्हीकडे दिसतो. गिलगुड बोलत असताना ऐकत उभे राहिलेल्या मुलाशी त्याचा संबंध जोडणे मला दूरचे वाटत नाही.

मुखवटा वाजवायचा की चेहरा?

फ्रिअर्स यांचा ‘डेंजरस लिएझन्स’ (1988) अठराव्या शतकातल्या फ्रेंच सरदारवर्गात घडतो. त्याच्या सुरुवातीला दोन मुख्य पात्रांना नोकरचाकर सजवत आहेत: पावडर, कपडे, केसांचा टोप. जणू दोन नट रंगपटात तयार होत आहेत. शेवटी त्या दोघांपैकी मार्कीझ द मेर्तॉय एकटीच आरशासमोर बसून तोंडावरचा रंग पुसते. सबंध कथा मुखवट्यांची आहे. इथले लोक प्रेमाच्या भाषेत युद्ध खेळतात. फेन्टन यांच्यासमोर पर्याय होता तो काळाशी सुसंगत बरोक संगीत वापरण्याचा, म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकातल्या युरोपीय दरबारांची नक्षीदार, नेमक्या तालाची शैली. हँडेल, विवाल्डी, ग्लुक यांचे संगीत चित्रपटात आहेच. पण त्याच्या जोडीला फेन्टन यांचे स्वतःचे संगीत येते, आणि त्यात बरोकपेक्षा गडद, अस्वस्थ सूर आहेत. नेटकी दरबारी शैली पात्रांच्या मुखवट्याचे काम करते, आणि मधूनच वर येणारा अस्वस्थ सूर मुखवट्याखालच्या चेहऱ्याचे. अंतःप्रवाह स्वरांत कसा मांडतात, याचा हा उत्तम धडा आहे. या कामालाही ऑस्करचे नामांकन मिळाले.

1994 च्या ‘द मॅडनेस ऑफ किंग जॉर्ज’मध्ये त्यांनी निराळा निर्णय घेतला. बेनेट यांच्याच नाटकावरचा, निकोलस हाइटनर यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट ब्रिटनचा राजा तिसरा जॉर्ज याच्या वेडावर आहे. हँडेल हा या राजाचा आवडता संगीतकार. फेन्टन यांनी हँडेलचे संगीतच या चित्रपटासाठी रूपांतरित केले. राजाच्या मनाची घडी विस्कटत असताना त्याच्याच आवडीचे, शिस्तीचे, सोहळ्याचे संगीत ऐकू येत राहते, आणि राजाने काय गमावले आहे ते आपल्याला कळते. स्वतःची नवी चाल बाजूला ठेवण्याचा हा निर्णय संगीतकाराच्या अहंकाराला मानवणारा नव्हता. भूमिकेला मात्र तोच हवा होता.

‘ग्राउंडहॉग डे’मध्ये (1993) प्रश्न आणखी वेगळा. नायक एकाच दिवसात अडकला आहे. रोज सकाळी सहा वाजता गजराला तेच गाणे लागते, तीच माणसे तेच बोलतात. घटना बदलत नाहीत, बदलतो तो माणूस: आधी गोंधळ, मग मजा, मग निराशा, आणि शेवटी दुसऱ्यांसाठी जगण्याची इच्छा. प्रसंगांची पुनरावृत्ती होत असताना हा आतला प्रवास पुढे नेण्याची जबाबदारी अभिनय, संकलन आणि संगीत यांच्यावर येते. तेच वाक्य दर वेळी नव्या हेतूने म्हणणे, हा नटाचा नेहमीचा रियाज असतो.

गप्प बसण्याची कला

नटाचे सर्वांत अवघड काम म्हणजे काही न करणे. या कसोटीवर फेन्टन यांची दीर्घ परीक्षा झाली ती दिग्दर्शक केन लोच यांच्यासोबत. ‘लेडीबर्ड, लेडीबर्ड’पासून (1994) ‘द ओल्ड ओक’पर्यंत (2023) सुमारे तीन दशके ही जोडी टिकली. लोच कामगार, बेरोजगार, घर गमावलेली माणसे यांच्या कथा सांगतात. चित्रीकरण कथेच्या क्रमाने करतात आणि पुढे काय घडणार हे नटांना बऱ्याचदा आधी सांगत नाहीत, म्हणजे धक्का खरा उमटतो. इतक्या जपून मिळवलेल्या खरेपणावर भावनेने ओथंबलेले व्हायोलिन ओतले तर सगळे खोटे वाटेल. ‘आय, डॅनियल ब्लेक’ची सुरुवात काळ्या पडद्यावर होते. ऐकू येतो तो आजारपणाचा भत्ता मागणाऱ्या सुताराचा आणि त्याची तपासणी करणाऱ्या बाईचा संवाद. त्याखाली संगीत नाही. सरकारी प्रश्नावलीचा कोरडेपणा आणि माणसाचा वाढता वैताग आपल्याला थेट ऐकावा लागतो.

पुढेही या चित्रपटात संगीत अगदी मोजके आहे. आयर्लंडच्या स्वातंत्र्ययुद्धावरच्या ‘द विंड दॅट शेक्स द बार्ली’ला 2006 मध्ये आणि ‘आय, डॅनियल ब्लेक’ला 2016 मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, ‘पाम द’ऑर’, मिळाला. शंभर वादकांचा वाद्यवृंद हाताळणारा संगीतकार तीस वर्षे अशा चित्रपटांकडे पुन्हा पुन्हा वळतो, जिथे त्याचे नाव लक्षातही राहणार नाही, ही गोष्ट मला त्यांच्या कोणत्याही नामांकनापेक्षा मोठा पुरावा वाटते.

प्राण्याला मन देणारे संगीत

निसर्गपटात मात्र गणित उलटे होते. समुद्रातल्या देवमाशाला चेहऱ्यावरचे भाव नाहीत, संवाद नाहीत. दूरवरून किंवा पाण्याखाली टिपलेल्या दृश्यांना वापरण्याजोगा मूळ आवाजही सहसा नसतो. तो नंतर घालावा लागतो. तरी ‘द ब्लू प्लॅनेट’च्या (2001) पहिल्या भागात किलर व्हेल ऊर्फ ऑर्कांचा कळप करड्या देवमाशाच्या पिल्लाला त्याच्या आईपासून तोडतो, तेव्हा पाहणाऱ्याचा जीव घशाशी येतो. का?

याचे उत्तर एका जुन्या प्रयोगात मिळते. 1944 मध्ये फ्रिट्झ हायडर आणि मारियान झिमेल या मानसशास्त्रज्ञांनी दोन त्रिकोण आणि एक वर्तुळ यांची छोटी चलचित्रफीत लोकांना दाखवली. बहुतेकांनी त्या आकृत्यांच्या हालचालीला कथेचे रूप दिले: मोठा त्रिकोण दांडगाई करतो, वर्तुळ घाबरते. 1988 मध्ये सँड्रा मार्शल आणि ॲनाबेल कोहेन यांनी तशाच चित्रफितीला वेगवेगळे संगीत जोडले, तेव्हा त्या आकृत्यांबद्दलचे लोकांचे मतही बदलले. हालचाल दिसली की माणसाचे मन तिथे हेतू शोधते, आणि संगीत त्या शोधाला दिशा देते. निसर्गपटातला संगीतकार प्राण्याच्या वतीने भूमिका करत असतो, ती याच वाटेने. ‘द ब्लू प्लॅनेट’ आणि ‘प्लॅनेट अर्थ’ (2006) या दोन्ही मालिकांच्या संगीतासाठी फेन्टन यांना एमी पुरस्कार मिळाले. ‘द ब्लू प्लॅनेट’वरून पुढे आलेल्या ‘डीप ब्लू’ या चित्रपटाचे संगीत बर्लिन फिलहार्मोनिकने वाजवले. योगायोग असा, की ‘गांधी’चे रिचर्ड ॲटनबरो आणि या मालिकांना आवाज देणारे डेव्हिड ॲटनबरो हे सख्खे भाऊ.

इथे एक गंभीर आक्षेप उभा राहतो. प्राण्यावर मानवी भावना लादणे हे अज्ञान पसरवणे नाही का? 2016 मध्ये ‘प्लॉस वन’ या संशोधनपत्रिकेत आलेल्या अभ्यासात पोहणाऱ्या शार्कची 60 सेकंदांची चित्रफीत काहींना भीतिदायक संगीतासह, काहींना उत्साही संगीतासह आणि काहींना संगीताविना दाखवली गेली. भीतिदायक संगीत ऐकणाऱ्यांचे शार्कबद्दलचे मत अधिक वाईट झाले. म्हणजे या साधनाची ताकद खरी आहे, आणि ते चुकीच्या हाती घातकही ठरू शकते. यावर माझे उत्तर असे, की उपाय संगीत काढून टाकण्यात नाही, नटाच्या शिस्तीत आहे. चांगला नट खलनायकाची भूमिकाही त्याच्या बाजूने करतो. शिकारी भुकेला आहे, दुष्ट नाही, हे सांगणारे संगीत रचता येते. ऑर्काच्या प्रसंगात आईचे हरणे जितके खरे, तितकीच कळपाची गरजही खरी. दोन्ही पात्रांचे म्हणणे ऐकू शकणारा संगीतकार असेल तर प्रेक्षकाचा निसर्गावरचा राग वाढत नाही, समज वाढते.

मग सगळ्याच संगीतकारांनी नट व्हावे का?

सर्वांत मोठा आक्षेप उरतो. बर्नार्ड हरमन किंवा जॉन विल्यम्स यांनी नट म्हणून कारकीर्द केली नाही, तरी चित्रपटसंगीताच्या इतिहासात त्यांची नावे सर्वांत वर आहेत. उलट डडली मूर यांनी अभिनय आणि संगीत दोन्ही केले. बेनेट यांच्यासोबत ‘बियॉन्ड द फ्रिंज’ या रंगमंचावरच्या विनोदी कार्यक्रमातून पुढे आलेल्या मूर यांनी 1967 च्या ‘बीडॅझल्ड’मध्ये भूमिकाही केली आणि संगीतही दिले. पण त्यांचे संगीत जॅझ पियानोवादकाच्या बोटांतून आलेले आहे. फेन्टन यांच्याशी त्याचे साम्य नाही. म्हणजे अभिनय केल्याने विशिष्ट प्रकारचे संगीत जन्मते, असा नियम मांडता येत नाही. हे मान्यच केले पाहिजे. माझा दावा त्याहून लहान आहे. प्रसंग वाचण्याचे कौशल्य पार्श्वसंगीताला अत्यावश्यक आहे, ते मिळवण्याच्या वाटा अनेक आहेत, आणि फेन्टन यांना ते तालमीच्या खोलीत मिळाले.

दुसरा आक्षेप ओळखीपाळखीचा. बेनेट, फ्रिअर्स, हाइटनर ही एकाच वर्तुळातली माणसे, तेव्हा कामे ओळखीने मिळाली असे म्हणता येईल. ओळखीने पहिले दार उघडते, हे खरे. पण ‘द फिशर किंग’चे (1991) टेरी गिल्यम, ‘ग्राउंडहॉग डे’चे हॅरल्ड रॅमिस आणि लोच यांच्यासारखे एकमेकांशी काहीही साम्य नसलेले दिग्दर्शक एकाच माणसाकडे का जातात, हे ओळखीने समजत नाही. मला दिसणारे कारण व्यवहारातले आहे. बहुतेक दिग्दर्शकांना संगीताची परिभाषा येत नाही. त्यांना ‘इथे कोमल गांधार नको’ असे सांगता येत नाही; ते म्हणतात, ‘ती काहीतरी लपवते आहे.’ ही सूचना संगीताची नाही, नटाला द्यायची आहे. तिचे स्वरांत रूपांतर करणे हे संगीतकाराचे खरे कौशल्य, आणि नटाच्या बाजूने अशा सूचना ऐकलेल्या माणसाला ते जवळचे असते. रिचर्ड ॲटनबरो स्वतः मूळचे नट. हाइटनर रंगभूमीचे दिग्दर्शक. हे दोघे फेन्टन यांच्याकडे पुन्हा पुन्हा गेले, यात आश्चर्य नाही.

थोडक्यात

• संगीत आपल्यात भावना निर्माण करते, आणि आपण ती पडद्यावरच्या चेहऱ्याला, प्राण्याला किंवा आकृतीला चिकटवतो.
• दिसते तेच वाजवण्यापेक्षा पात्र जे लपवते ते वाजवणे अधिक परिणामकारक. त्यासाठी नटासारखा प्रसंग वाचावा लागतो.
• संगीत कुठे सुरू आणि कुठे बंद, हे ‘स्पॉटिंग’मध्ये ठरते. लय ठरवते की कोणता क्षण ठोक्यावर पडेल.
• संवाद चालू असताना संगीत माणसाच्या आवाजाच्या पट्ट्यातून बाजूला सरते.
• जॉर्ज फेन्टन: 1968 मध्ये रंगमंचावर नट, 1974 मध्ये रॉयल शेक्सपियर कंपनीसाठी संगीत, ‘गांधी’पासून ‘द फिशर किंग’पर्यंत ऑस्करची पाच नामांकने, केन लोच यांच्यासोबत सुमारे तीन दशके.

शिकवणाऱ्यांसाठी एक मागणी

आज पार्श्वसंगीत शिकू पाहणाऱ्या मुलामुलींना संगणकावरची वाद्ये, ध्वनिमुद्रणाची तंत्रे, वाद्यवृंदाची मांडणी शिकवली जाते. ते शिकवलेच पाहिजे. पण चौकटी आणि ठोके मोजता येणाऱ्या माणसाला कुठला क्षण मोजायचा नाही हे कळणार कसे? त्यासाठी त्याने चांगला नट एका वाक्यावर पंधरा दिवस काम करतो तेव्हा समोर बसून पाहिले पाहिजे, आणि शक्य असेल तर एखादी छोटी भूमिका स्वतः केली पाहिजे, जिच्यात बोलणे कमी आणि ऐकणे जास्त असेल. फेन्टन यांच्या कारकिर्दीतून निघणारा निष्कर्ष मला स्पष्ट दिसतो: पार्श्वसंगीत ही संगीताइतकीच अभिनयाची शाखा आहे, आणि ती शिकवणाऱ्या प्रत्येक संस्थेने आपल्या विद्यार्थ्यांना पहिल्याच वर्षी तालमीच्या खोलीत पाठवावे.